नाताळ १९८२ : संपाच्या वर्षी आमच्या घरात झालेली कुलकुलं

गिरणगावची लेक

नमस्कार मंडळी,

दरवर्षी डिसेंबर लागला की हे लिहायचं मनात येतं आणि राहून जातं. परवा आईला भेटायला गेले होते. आई आता ऐंशी पार आहे, गुडघे साथ देत नाहीत, पण मला दारात बघितल्याबरोबर म्हणाली, "मैदा आणलास का गं?" नाताळ जवळ आला की आमच्या घरात मैदा येतो. आम्ही ख्रिस्ती नाही. पाटण तालुक्यातलं वारकरी घर, आजीच्या गळ्यात तुळशीची माळ होती. तरी चाळीसहून जास्त वर्षं आमच्याकडे नाताळाच्या आधी कुलकुलं, म्हणजे मैद्याच्या तळलेल्या गोड वळ्या, होतात. का होतात, ते एकदाचं लिहून ठेवते.

अण्णा, म्हणजे माझे वडील, लोअर परळच्या एका कापड गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागावर विणायच्या खात्यात, होते. चाळ प्रभादेवीला. दहा बाय बाराची खोली, पुढे सामाईक गॅलरी, टोकाला नळ. खोलीत सहा माणसं : आजी, अण्णा, आई, मी आणि माझ्या पाठचे दोघे. १८ जानेवारी १९८२ ला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला तेव्हा मी अकरा वर्षांची होते. "महिना, फार तर दीड महिना," अण्णा म्हणाले. सगळी चाळ तेच म्हणत होती. होळी गेली, पाऊस आला, गणपती झाले.

आधी पितळेचा बंब गेला. मग तांब्याचे दोन हंडे मोडीच्या भावात. मग आईच्या कानातली फुलं. मंगळसूत्रातल्या वाट्या गहाण पडल्या त्या दिवशी आईने काळ्या पोतीत हळकुंड बांधलं आणि पदर गळ्याभोवती ओढून घेतला, तो पुढे वर्षभर तसाच होता. गौरींच्या सुमारास वाण्याने उधारी बंद केली. अण्णा रात्री भायखळ्याच्या भाजीबाजारात ओझी उचलायला जायचे. नोव्हेंबरात कंबर धरली आणि तेही थांबलं. त्या दिवाळीत आमच्या दारात कंदील नव्हता. दोन घरांतून फराळाची ताटं आली, ती अण्णांनी तशीच परत पाठवली. आई काही बोलली नाही. धाकटा भाऊ ताटातल्या चकलीकडे बघत होता, ते मला आजही दिसतं.

आमच्या अलीकडची, जिन्याला लागून असलेली खोली सिस्टरमावशींची. त्या हॉस्पिटलात नर्स होत्या म्हणून सगळी चाळ त्यांना सिस्टर म्हणायची, आम्ही पोरं सिस्टरमावशी. माहेर वसईचं. यजमान बोटीवर, वर्षातले नऊ-दहा महिने समुद्रात. मूलबाळ नाही. माहेराहून आल्या की आमच्यासाठी सुकेळी, म्हणजे वाळवलेली केळी, आणायच्या, केळीच्या पानात घट्ट बांधलेली.

डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात त्या आमच्या दारात उभ्या राहिल्या. हातात मैद्याची पिशवी, मागे हमालाच्या डोक्यावर डालड्याचा डबा, नारळ, साखर.

"वहिनी, माझं एक काम अडलंय. या महिन्यात डबल ड्युट्या लावल्यात मला. नाताळाचं काहीएक होणार नाही माझ्याच्याने. वॉर्डातल्या बायकांना मात्र फराळ देते म्हणून कबूल करून बसलेय. तुम्ही करून द्याल का? सामान माझं. मजुरी बाजारात जी असेल ती, किलोवर."

अण्णा भिंतीकडे तोंड करून पडले होते. आई त्यांच्या पाठीकडे बघत राहिली. मग म्हणाली, "करंज्या करीन. तुमचं ते दुसरं काय असतं ते मला येत नाही."

"मी शिकवते की. रविवारी सुट्टी आहे."

रविवारी दुपारी सिस्टरमावशी परात घेऊन बसल्या. मैदा, थोडा रवा, नारळाचं घट्ट दूध, साखर. पीठ मळून झालं तेव्हा म्हणाल्या, आमच्याकडे काही जणी अंडं घालतात, आपण नको घालू या, आजींना चाखायचं असेल. कुलकुल करायचं ते काट्याच्या पाठीवर. आमच्या घरात काटा कुठला? त्यांनी पिशवीतून चार कोरे कंगवे काढले. सुपारीएवढी गोळी कंगव्याच्या दातांवर अंगठ्याने दाबून पसरायची आणि एका कडेने गुंडाळत आणायची. सुटली की शिंपल्यासारखी वळी तयार, अंगावर बारीक रेघा. माझी गोळी कंगव्याला चिकटायची. आईच्या वळ्या जाड होत होत्या. आजी मन लावून करत होती, पण तिची एक होईस्तोवर सिस्टरमावशींच्या पाच व्हायच्या.

तासाभराने अण्णा उठले. बोलले काहीच नाहीत. हात धुऊन आले, माझ्या हातातला कंगवा घेतला आणि बसले.

साच्यावर, म्हणजे मागावर, सूत तुटलं की ते झटपट सांधावं लागतं. अठरा वर्षं ती बोटं तेच करत आली होती. त्यांनी एक गोळी वाया घालवली, दुसरी बरी जमली आणि तिसरीपासून असा हात बसला की सिस्टरमावशी आपला कंगवा खाली ठेवून बघत बसल्या. पातळ, एकसारख्या, रेघ न रेघ सरळ. अकरा महिन्यांत मी अण्णांना एवढं भराभर काही करताना पाहिलं नव्हतं. तिन्हीसांजेला परात भरली तेव्हा त्यांनी फक्त विचारलं, "अजून आहे का पीठ?"

पाच किलोचं काम संपलं. मजुरी आली, आणि दोन दिवसांनी दुसरं सामान आलं. मग म्हणे क्वार्टरमधल्या नर्सबायांना पण हवं होतं. आईने वाण्याची निम्मी उधारी चुकवली. २५ डिसेंबरला, शनिवारी, चर्चमध्ये मध्यरात्रीचा मिस्सा, म्हणजे नाताळाची उपासना, करून आलेल्या सिस्टरमावशी सकाळी नव्या साडीत आमच्याकडे ताट घेऊन आल्या. केक, करंज्या, कुलकुलं, म्हणजे निम्मं आमच्याच घरात झालेलं. अण्णांनी ते ताट दोन्ही हातांनी घेतलं. आजी म्हणाली, "रिकामं ताट परत देऊ नये," आणि त्यात मूठभर साखर घातली.

अण्णा पुन्हा गिरणीत गेलेच नाहीत, त्यांना घेतलंच नाही. पुढे एका सोसायटीत रखवालदार झाले. पण आईच्या हाताला लागलेलं काम सुटलं नाही. नर्सबायांचा फराळ, मग त्यांचे डबे, आणि त्या डब्यांवर आम्ही तिघं शिकलो.

तुमच्या घरी कधी असं कुणी आलं असेल तर इथे लिहा. किती दिलं ते नको. कसं दिलं ते लिहा.

परळकर

ताई, वाचता वाचता थांबावं लागलं. आमचा बाप पण त्याच संपातला, फक्त त्रासनखात्यात, म्हणजे सूत कातायच्या खात्यात.

नव्या वाचकांना त्या वर्षाचा अंदाज यायचा नाही म्हणून थोडं लिहितो. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर होते. पगार आणि बोनसचा प्रश्न होताच, पण मुळात १९४६ च्या औद्योगिक संबंध कायद्याने राष्ट्रीय मिल मजदूर संघालाच मान्यता होती आणि कामगारांना ती संघटना आपली वाटत नव्हती, म्हणून ते कामगार पुढारी डॉ. दत्ता सामंतांकडे गेले. संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. तो विरत गेला. कुणाला कामावर घेतलं, कुणाला नाही, आणि कितीएक माणसं सातारा, कोल्हापूर, रत्नागिरीची वाट धरून गेली ती गेलीच.

माझी मावशी खानावळ चालवायची. वीसेक कामगार जेवायला होते. पगार बंद म्हणजे तिचेही पैसे बंद, तरी तिने ताटं वाढणं थांबवलं नाही, भात जास्त आणि आमटी पातळ एवढाच फरक. अशा खानावळवाल्या बायकांसाठी प्रेमा पुरवांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ काढलं, तिथून मावशीला बँकेचं कर्ज मिळालं होतं. गिरणगाव त्या वर्षी जगलं ते बायकांच्या चुलीवर, हे कुठल्याच सभेत कुणी बोललं नाही.

एक गोष्ट मात्र मनापासून लिहितो, वाईट वाटून घेऊ नका. कामगारांना दया नको होती, हक्काचा पगार हवा होता. सिस्टरमावशींना दंडवत, पण त्यांच्यावर ही वेळ यायलाच नको होती.

गिरणगावची लेक

परळकर दादा, वाईट कशाचं? अण्णा शेवटपर्यंत हेच म्हणत. "त्या बाईने जे केलं ते मालकाचं काम होतं," असं त्यांच्या तोंडून मी ऐकलंय. पण ते म्हणताना आवाज भरून यायचा.

वसईचा वारा

सुकेळीचा उल्लेख वाचला आणि राहवलं नाही. मी वसईची, आमच्या घरी कादोडी बोलतात. आमच्या आई-मावशांच्या पिढीत घरटी एक तरी नर्स किंवा शिक्षिका असायची. पहाटेची लोकल पकडून मुंबईला जायच्या, त्याच डब्यात भाजीच्या आणि फुलांच्या टोपल्या. तुमच्या सिस्टरमावशी मला त्या डब्यात बसलेल्या दिसल्या.

आमच्याकडे नाताळाआधीचे चार आठवडे आगमनकाळ असतो. लहानपणी आम्हाला सांगायचे, या दिवसांत एक वेळचं काहीतरी सोडायचं आणि वाचलेले पैसे डब्यात टाकायचे. साखर सोडायची, सिनेमा सोडायचा. तो डबा नाताळाच्या आधी चर्चमध्ये द्यायचा. तिथून पुढे ते काम संत विन्सेंट द पॉल यांच्या नावाच्या संस्थेकडे जातं. १८३३ साली पॅरिसमध्ये फ्रेडरिक ओझानाम नावाच्या विद्यार्थ्याने मित्रांबरोबर ती सुरू केली आणि आज जगभरच्या धर्मग्रामांत, म्हणजे एकेका चर्चच्या परिसरात, तिच्या शाखा आहेत. माझे वडील तीस वर्षं तिचे सभासद होते. त्यांची रीत अशी की गरजू घरी जायचं ते जोडीने, दोघांनी, आणि तिथे बसायचं. पिशवी टेकवून निघायचं नाही. चहा दिला तर प्यायचा. वडील म्हणायचे, त्यांच्या घरचा चहा आपण प्यायला नाही तर आपल्या घरचे तांदूळ त्यांनी का घ्यावे?

कुठल्या घरी गेले होते ते आईलासुद्धा त्यांनी कधी सांगितलं नाही. वडील गेल्यावर अंत्यविधीला काही अनोळखी कुटुंबं आली होती. कोण, कुठली, आम्ही विचारलं नाही, त्यांनीही सांगितलं नाही. पण कबरीवर माती टाकताना त्यांच्यातला एक म्हातारा हमसून रडत होता.

मनातलं

एक विचारतो, हेतू वाईट नाही. अडचणीत असलेल्या घराला मदत करून नंतर धर्माचा विषय काढतात, असं बरंच ऐकू येतं. तुमच्या बाबतीत तसं कधी सूचित तरी झालं का?

गिरणगावची लेक

विचारलंत ते बरं केलंत. नाही, कधीच नाही. सत्तावीस वर्षं आम्ही त्यांना ओळखलं, एकदाही नाही. उलट आजीला एकादशीची आठवण त्याच करून द्यायच्या, कारण आजीला कॅलेंडर वाचता येत नव्हतं. गणपतीत आमच्याकडे आरतीला उभ्या राहायच्या, टाळ वाजवायच्या, तालात.

आम्हीच एकदा हट्टाने त्यांच्याबरोबर गेलो होतो, दादरच्या पोर्तुगीज चर्चमधला गोठा बघायला. चार्ल्स कोरियांनी नव्याने बांधलेली ती इमारत तेव्हा चार-पाच वर्षांचीच होती. मला ती चर्चसारखी वाटलीच नव्हती. आजीही आली होती, नऊवारीत, माळ घालून. गवतावर ठेवलेलं बाळ, बाजूला गाय आणि मेंढरं. आजी बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "गुराढोरांत जन्मलंय की लेकरू, आपल्या कान्ह्याच्या गोकुळावाणी." सिस्टरमावशी म्हणाल्या, "होय आजी, गरिबाघरचंच आहे." एवढाच काय तो धर्माचा विषय.

साष्टीकार

गोव्याहून लिहितो. आमच्याकडे नाताळाच्या फराळाला कुसवार म्हणतात. नेवऱ्या, दोदोल, बेबिंक, आणि तुमच्या कुलकुलांसारखे किडयो. दिसतात किड्यासारखे म्हणून किडयो. आमची शणै, म्हणजे हिंदू, घरं आणि शेजारची किरिस्तांव, म्हणजे ख्रिस्ती, घरं, गणेशचतुर्थीला आमची ताटं तिकडे आणि नाताळाला त्यांची इकडे, हे माझ्या आजोबांच्याही आधीपासून चालत आलंय.

यात एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. ज्या घरात त्या वर्षी कुणी गेलं असेल तिथे फराळ करत नाहीत. मग शेजारपाजार त्या घराला मुद्दाम पाठवतो. तुमच्याकडे सुतक असलेल्या घरी दिवाळीचा फराळ आप्त आणून देतात, तसंच. म्हणजे "या घरात यंदा काही झालेलं नाही, म्हणून आपण न्यायचं" ही रीत आपल्या दोन्हीकडे आधीपासून आहे. संपाच्या वर्षी गिरणगावात घरोघरी एक प्रकारचं सुतकच होतं की. अण्णांनी दिवाळीची ताटं परत केली, कारण त्यांच्या लेखी घरात कुणी गेलेलं नव्हतं, फक्त पगार गेला होता. त्यांचं मन मला कळतं.

नदीकाठ

मला उलटा अनुभव आहे. इथे लिहू की नको असं झालं होतं, पण ताईंनी "कसं दिलं" ते विचारलंय.

मी तिसरी-चौथीत असताना वडील अपघातात गेले. आई शिवणकाम करायची. आमच्या तालुक्याच्या गावातल्या एका मंडळाने नाताळाच्या सुट्टीत गरजू मुलांना कपडे वाटायचा कार्यक्रम ठेवला. मांडव, खुर्च्या, पाहुणे. एकेकाचं नाव पुकारायचे आणि नावाआधी कारण सांगायचे. माझ्या नावाआधी "वडिलांचं छत्र हरपलेला" असं म्हणाले. छत्र म्हणजे छत्री, एवढंच मला माहीत होतं. स्टेजवर गेलो, फोटोसाठी पाकीट छातीशी धरायला सांगितलं. माझी मान खाली होती म्हणून फोटोवाल्याने हनुवटीला बोट लावून वर केली.

शर्ट चांगला होता. निळ्या चौकटींचा. आईने हौसेने घडी मोडायला सांगितली, मी घातला नाही. शाळेत सगळ्यांनी तो स्टेजवर पाहिलेला होता. शेवटी आईने उसवून त्याची उशीची खोळ शिवली. ती माणसं वाईट नव्हती, मनापासून करत होती, हे आज कळतं. पण हनुवटीवरचं ते बोट अजून जाणवतं.

वसईचा वारा

नदीकाठ, हे लिहिल्याबद्दल मनापासून आभार. आमच्या धर्मग्रामात आता मी ते काम बघते. यंदा पिशव्या भरताना तुमचा शर्ट माझ्या डोळ्यांसमोर असणार. आम्ही फोटो काढत नाही, पण याद्या मात्र सूचनाफलकाजवळच्या टेबलावर उघड्या पडलेल्या असतात. ते उद्याच थांबवते.

दूरदेशी

नदीकाठ यांच्या शर्टावरून मला एक कोट आठवला.

डिसेंबर २००८, मिशिगन. मोटारधंदा कोसळला होता. नवऱ्याची नोकरी गेली. तेव्हा एच-१बी, म्हणजे अमेरिकेतल्या नोकरीच्या व्हिसावाल्यांना, नोकरी गेल्यावर तिथे राहायला मिळणारी साठ दिवसांची सवलतही नव्हती, ती २०१७ पासून आली. माझ्या व्हिसावर मला काम करायची परवानगी नव्हती. घर आवरून परत यायची तयारी चालली होती, आणि थंडी अशी की नाक बाहेर काढवत नव्हतं. मुलगी सहा वर्षांची. तिचा कोट मनगटाच्या वर गेला होता. दोन महिन्यांसाठी नवा कशाला, असं म्हणून मी आतून दोन स्वेटर घालत होते.

तिच्या शाळेतल्या एका बाईंनी मला बाजूला घेऊन फक्त तिच्या कोटाचं माप आणि आवडता रंग विचारला. पुढे कळलं ते असं. सॅल्व्हेशन आर्मी ही ख्रिस्ती सेवाभावी संस्था नाताळात दुकानांतून एक झाड ठेवते, त्याला एंजल ट्री म्हणतात. १९७९ मध्ये व्हर्जिनियातल्या लिंचबर्ग गावात ते सुरू झालं. झाडावर चिठ्ठ्या लावलेल्या असतात. मुलगी, वय सहा, कोटाचं माप अमुक, रंग जांभळा. आडनाव नाही, पत्ता नाही. ज्याला द्यायचंय तो चिठ्ठी काढतो, वस्तू आणून देतो आणि जातो. घेणाऱ्याला देणारा दिसत नाही, देणाऱ्याला घेणारा.

मी आधी नको म्हणाले. लाज वाटली, खरं सांगते. आपण शिकलेसवरलेले, घरी गणपती बसवणारे, आपण कशाला घ्यायचं? त्या बाई म्हणाल्या, चिठ्ठीवर फक्त माप लिहायचंय.

जांभळा कोट आला. बाहीच्या आत कुणीतरी लोकरीचे हातमोजे दोरीने जोडून ठेवले होते, मूल ते हरवतं म्हणून. ज्याने ते केलं त्याच्या घरात लहान मूल असणार. जानेवारीत आम्ही पुण्याला परतलो. पुण्यात त्या कोटाचा काय उपयोग? तरी तो ट्रंकेत आहे, मोज्यांसकट.

बोरूबहाद्दर

सगळं वाचलं. सुंदर धागा. पण एक शंका सतावतेय. सिस्टरमावशींकडे पैसे होते, समोरचं घर उपाशी होतं. मग सरळ पैसे द्यायचे ना? कंबर धरलेल्या माणसाच्या घराकडून काम करवून घेऊन मग द्यायचे, यात गरजूलाच राबवणं झालं. स्वाभिमान जपायचा म्हणून आपण गरिबाला दरवेळी कष्ट करून दाखवायला लावतो, असं मला वाटतं. ज्याला काम जमतच नाही, आजारी आहे, म्हातारा आहे, त्याने काय करायचं?

परळकर

बोरूबहाद्दर, प्रश्न रास्त आहे. माझं उत्तर असं की माणूस पाहून ठरवायचं. माझ्या बापाला कुणी उसने दिले तर तो घ्यायचा, फेडेन म्हणायचा आणि नंतर फेडलेही. फुकट घेतले नसते. आमच्याच मजल्यावर एक म्हातारी एकटी होती, तिला काम सांगणं म्हणजे पाप. तिच्या दारात भाकरी ठेवून जायची रीत होती, टकटकही करायची नाही. दोन्ही एकाच मजल्यावर चालायचं. शेजारी असला की त्याला कळतं कुणाला काय चालेल. लांबून देणाऱ्याला कळत नाही, म्हणून तो सगळ्यांना सारखंच देतो.

गिरणगावची लेक

बोरूबहाद्दर, तुमचा प्रश्न मी काल आईला वाचून दाखवला. ती जे बोलली ते मला इतक्या वर्षांत माहीत नव्हतं. फोन ठेवल्यावर मी बराच वेळ नुसती बसून होते. जसं बोलली तसं लिहिते.

"डबल ड्युटी कसली आलीय? तिला दिवसपाळी होती. चारला घरी यायची. आमच्या तिच्यात एक भिंत, तीही पार्टिशनची. ती त्या पंधरवड्यात जिना चढताना चपला हातात घ्यायची आणि खोलीत आली की दिवा लावायची नाही. लावला असता तर फटीतून उजेड आला असता, आणि मला कळलं असतं ती घरी आहे म्हणून. अंधारात बसायची बाई, रात्री नऊपर्यंत. मग दार वाजवून आल्यासारखं करायची. पण तिला खोकला होता. खोकला कसा लपणार? पहिल्याच दिवशी ऐकला मी."

मी विचारलं, मग तू बोलली का नाहीस?

"काय बोलायचं? ती अंधारात बसायला तयार होती, मी गप्प बसायला. तुझा बाप उठून बसला होता ना?"

अण्णांना माहीत होतं का, हेही विचारलं. आई म्हणाली, भिंत त्यांच्या उशाशी होती.

तेव्हा राबवून घेतलं का, याचं उत्तर माझ्याकडे एवढंच आहे. एक बाई दिवसभर वॉर्डात उभी राहून आल्यावर पाच तास अंधारात बसायची, चहासुद्धा न करता, कारण स्टोव्हचा आवाज झाला असता.

आणखी एक गोष्ट मला आत्ता उलगडली. १९९१ मध्ये सिस्टरमावशींचे यजमान गेले. पुढे त्या निवृत्त झाल्या आणि पेन्शन कागदपत्रांत अडकलं, दीड वर्ष. तेव्हा आईचे डबे जोरात होते. आई त्यांना म्हणाली, "सिस्टर, माझा हिशेब घोटाळतोय. मी चौथी शिकलेली बाई. तुम्ही रोज दुपारी येऊन वही लिहाल का? महिन्याला ठरवून देते, आणि जेवण माझ्याकडे." दीड वर्ष सिस्टरमावशी आमच्याकडे वही लिहीत होत्या. मी तेव्हा नोकरीला लागले होते, मला ते योग्यच वाटलं. पण माझ्या आईचा हिशेब आयुष्यात कधी घोटाळलेला नाही. चाळीस डब्यांचे खाडे तिला तोंडपाठ असायचे, आजही मला भाजीवाल्याचे सुटे पैसे तीच सांगते.

सिस्टरमावशी २००९ ला गेल्या. ती वही आईच्या कपाटात आहे. सुंदर नर्सबाईचं अक्षर, प्रत्येक पानावर वर तारीख आणि खाली बेरीज. काल आईने फोनवर सांगितलं म्हणून सकाळी जाऊन उघडून पाहिली. शेजारच्या रकान्यात आईच्या हातचे बारीक टिंब आहेत, पेन्सिलीचे. तिने आधी मनात केलेली बेरीज बरोबर आली की टिंब द्यायची. एकही पान टिंबाशिवाय नाही.

बोरूबहाद्दर

ताई, माझी शंका मागे घेतो असं म्हणत नाही, म्हाताऱ्या-आजाऱ्यांचा प्रश्न राहतोच. पण त्या अंधाऱ्या खोलीतून मी अजून बाहेर आलेलो नाही. आईंना माझा नमस्कार सांगा.

नदीकाठ

टिंबांचं वाचून आईला फोन केला. उशीची खोळ कुठे आहे विचारलं. आहे म्हणाली.

साष्टीकार

ताई, प्रमाण द्या बघू कुलकुलांचं. आमच्या किडयांत आणि तुमच्यात काय फरक पडतो ते बघतो. आणि अंडं नसताना खुसखुशीत कशी होतात?

गिरणगावची लेक

आईला विचारून लिहितेय, आजी खाऊ शकेल असंच प्रमाण.

अर्धा किलो मैदा, दोन मोठे चमचे बारीक रवा, पाऊण वाटी पिठीसाखर, चिमूट मीठ. दोन मोठे चमचे तूप कडकडीत तापवून मोहन घालायचं, खुसखुशीतपणा त्याचा. एका नारळाचं पहिलं घट्ट दूध काढून त्यात पीठ मळायचं, पुरीपेक्षा थोडं सैल. ओल्या फडक्याखाली तासभर ठेवायचं. गोळी सुपारीएवढी, मोठी झाली तर आतून कच्ची राहते. आच मध्यम, घाणा लहान, सारखं हलवायचं. वरून पाक चढवायचा असेल तर दोनतारी करून त्यात घोळवायची आणि सुटी होईपर्यंत परात हलवत राहायची. अण्णांना पाकाची आवडायची नाहीत, त्यांच्यासाठी मूठभर कोरी बाजूला काढायचो.

कंगवा कोरा घ्या, प्लॅस्टिकचा, जाड दातांचा. बारीक दातांचा घेतलात तर पीठ आत बसतं. दर दहा-बारा गोळ्यांनंतर दातांना तुपाचं बोट लावा. आमच्याकडे त्या चारातले दोन कंगवे अजून आहेत, एकाचे तीन दात पडलेत. आई म्हणते तोच घ्यायचा, त्याच्यावर हात बसलाय.